कोकणातून थेट वाळवंटात: नेगेवमधले बेने इस्राएल

प्रश्न असा आहे: "आमच्या आजीची धाकटी बहीण १९६० च्या आसपास नवऱ्याबरोबर इस्रायलला गेली आणि दिमोना नावाच्या गावात राहिली, एवढंच घरात माहीत आहे. रायगडातल्या पाण्यापावसातली माणसं वाळवंटात राहायला का गेली? तिथे आधीपासून ज्यू वस्ती होती का? त्यांनी ते गाव स्वतः निवडलं होतं का?"

तिसऱ्या प्रश्नाचं उत्तर आधी देते, कारण बाकीचं त्यातून उलगडतं. तुमच्या मावसआजीने दिमोना निवडलं असण्याची शक्यता फार कमी आहे. निवडली असेल ती 'इस्रायल' ही जागा, आणि तिच्या मनातलं इस्रायल म्हणजे जेरुसलेम. दिमोना तिच्या वाट्याला आलं. नेगेवमध्ये, म्हणजे इस्रायलच्या दक्षिणेकडच्या वाळवंटात, पन्नास-साठच्या दशकांत उतरलेल्या बहुतेक कुटुंबांची गोष्ट अशीच सुरू होते, मग ती मोरोक्कोची असोत, रुमानियाची असोत की अलिबाग-पेणच्या बेने इस्राएलांची, म्हणजे कोकणातल्या मराठी ज्यूंची. स्थलांतरितांच्या आठवणी टेप करून उतरवून घेण्याचं काम मी पंचवीस वर्षं करते आहे. "तुम्ही इथेच का?" या प्रश्नावर मला सर्वांत जास्त वेळा मिळालेलं उत्तर आहे, "ट्रक इथे थांबला म्हणून."

आता आधीपासून वस्ती होती का ते पाहू. बायबलमध्ये बेरशेबा आहे, अब्राहामाची विहीर आहे, दिमोना हे नावही यहोशवाच्या पुस्तकातल्या गावांच्या यादीतून उचललेलं आहे. त्यामुळे अनेकांना वाटतं की तिथे हजारो वर्षं अखंड ज्यू समाज नांदत असणार. तसं नाही. नेगेवच्या आतल्या भागात जी जुनी दगडी शहरं दिसतात, अवदात, शिव्ता, मामशीत, ती नबाती व्यापाऱ्यांची आणि पुढे बायझंटाइन ख्रिस्ती लोकांची. नंतरची कित्येक शतकं हा मुलूख बदाउनी म्हणजे भटक्या अरब टोळ्यांचा होता. आजचं बेरशेबा शहर तुर्कांनी १९०० साली वसवलं, तेही बदाउनींवर कारभार चालवायला. तिथे थोडी ज्यू कुटुंबं होती, तीही १९२९ च्या अरब-ज्यू दंगलींनंतर निघून गेली. थोडक्यात, विसाव्या शतकाच्या मध्याला या वाळवंटात ज्यू वस्ती जवळजवळ नव्हतीच. मोरोक्कोतल्या फेस शहराच्या, कोचीनच्या किंवा अलिबागच्या ज्यू समाजाला जसा जुना इतिहास आहे तसा नेगेवला नाही. तिथला समाज हा सरहद्द भरून काढण्यासाठी बाहेरून आणून वसवलेला समाज आहे.

सुरुवात १९४३ ची. ब्रिटिशांचा अंमल होता, जमीनखरेदीवर निर्बंध होते, आणि या रखरखीत जमिनीत पीक येतं का हे कोणालाच ठाऊक नव्हतं. म्हणून गवुलोत, रेविविम आणि बेत एशेल अशा तीन 'टेहळणी' वस्त्या उभ्या केल्या. मूठभर तरुण, एक तटबंदीवजा वाडा, पाऊस मोजायची साधनं. मग १९४६ च्या ऑक्टोबरमध्ये, योम किप्पूरचा उपवास सुटल्या सुटल्या, एका रात्रीत अकरा वस्त्या ठोकल्या. पुढच्या वर्षी पाण्याची नळवाहिनी टाकली. तिचे बरेचसे नळ लंडनहून विकत आणले होते. जर्मन बॉम्बफेकीच्या दिवसांत तिथल्या आगी विझवायला जे नळ रस्त्यांवर अंथरले होते, तेच. लंडनची आग विझवलेल्या नळांनी बेरशेबाच्या आसपासची रोपं जगवली, ही गोष्ट मी विद्यार्थ्यांना हटकून सांगते. या अकरांपैकी नेवातिम हे नाव लक्षात ठेवा, ते पुढे येईल.

संयुक्त राष्ट्रांच्या १९४७ च्या पॅलेस्टाइन फाळणी-आराखड्यात नेगेवचा बहुतेक भाग ज्यू राज्याकडे गेला, त्यात या एवढ्या-तेवढ्या वस्त्यांचाही हात होता. ऑक्टोबर १९४८ मध्ये बेरशेबा इस्रायली सैन्याने घेतलं, मार्च १९४९ मध्ये ते लाल समुद्राला, आजच्या एलातला, पोहोचले. १९४८-४९ च्या या अरब-इस्रायली युद्धात आणि नंतरच्या काळात नेगेवमधले बहुतांश बदाउनी परागंदा झाले किंवा हुसकले गेले. आधी साठ-सत्तर हजारांच्या पुढे असलेला हा समाज ११ हजारांच्या आसपास उरला. उरलेल्यांना बेरशेबा, अराद आणि दिमोना यांच्यामधल्या एका पट्ट्यात आणून ठेवलं, आणि १९६६ पर्यंत तिथे लष्करी अंमल होता. दिमोनाची गोष्ट सांगताना हे वगळलं तर 'रिकाम्या वाळवंटात शहर उभं राहिलं' अशी भाबडी कथा तयार होते. ते वाळवंट पूर्वी रिकामं नव्हतं. रिकामं केल्यावर ते भरण्याची घाई झाली, आणि भरायला माणसं हवी होती.

माणसं येतच होती. १९४८ मध्ये इस्रायलात सुमारे साडेसहा लाख ज्यू होते. पुढच्या साडेतीन वर्षांत जवळपास तेवढेच नवे आले. तंबू, पत्र्याच्या खोल्या आणि कॅनव्हासच्या झोपड्यांच्या छावण्यांना 'माअबारा' म्हणत. येरुहाम १९५१ च्या जानेवारीत अशीच एक माअबारा म्हणून सुरू झालं. १९५४ च्या सुमारास धोरण बदललं, 'जहाजावरून थेट गावात'. म्हणजे हैफा बंदरावर उतरलात की कागदपत्रं, डीडीटीची फवारणी, पाव-सार्डिन आणि ट्रक. त्या काळच्या आठवणींत एक प्रसंग इतक्या वेळा येतो की तो जवळजवळ लोककथाच झाला आहे. ट्रक रात्री पोहोचतो, दिवे नसतात, माणसं विचारतात शहर कुठे आहे, ड्रायव्हर म्हणतो हेच. लोक उतरायला तयार नसतात. १९५५ मध्ये दिमोनाला आलेली पहिली कुटुंबं मोरोक्कोची होती, आणि त्यांच्याकडेही ही कथा आहे. रात्रीच नेत, कारण दिवसा नेलं असतं तर वाटेतच सगळ्यांना सगळं कळलं असतं.

बेन-गुरिअननी याच सुमारास, १९५३ च्या अखेरीस, पंतप्रधानपद सोडलं आणि ते नेगेवमधल्या स्दे बोकेर वस्तीवर राहायला गेले. वाळवंट फुलवण्यावर त्यांची श्रद्धा होती आणि ती खोटी नव्हती. पण स्दे बोकेरला ज्यांना कंटाळा येई त्यांना परत जाता येई. येरुहामच्या माणसाकडे परतीचं घर नव्हतं आणि भाड्याला पैसेही नव्हते. मला हा फरक फार महत्त्वाचा वाटतो.

आता आपल्या माणसांकडे येऊ. बेने इस्राएलांची आद्यकथा तुम्हाला घरी ऐकून ठाऊक असेल: नौगावच्या किनाऱ्याजवळ फुटलेलं जहाज, वाचलेली सात जोडपी, तेल गाळण्याचा धंदा आणि शनिवारी, ज्यूंच्या विश्रांतीच्या दिवशी, घाणा बंद, म्हणून 'शनिवार तेली'. आडनावं गावांची: रोहेकर, पेणकर, दिवेकर, नौगावकर, झिराडकर. पण नेगेवच्या गोष्टीसाठी त्यापेक्षा महत्त्वाची बाब ही की १९५० पर्यंत हा समाज तेलीही उरला नव्हता आणि शेतकरीही. मुंबई, ठाणे, पुणे इथे तो रेल्वेत, बंदरात, गिरण्यांत, पोस्टात, इस्पितळांत आणि सरकारी कचेऱ्यांत स्थिरावला होता. सुतार, फिटर, कारकून, परिचारिका, शिक्षिका. इस्रायलला त्या घडीला हवे होते ते शेतात राबणारे आणि रस्ते करणारे.

कोचीनच्या ज्यूंशी तुलना केली की हे स्पष्ट होतं. तेही शेतकरी नव्हते, दुकानदारी-व्यापार करणारे होते. हत्तीरोगाच्या भीतीने त्यांना बरेच दिवस थांबवून ठेवलं होतं. शेवटी १९५४ च्या सुमारास ते आले तेव्हा त्यांना 'मोशाव' म्हणजे सहकारी शेतीची गावं दिली. त्यातलंच एक नेवातिम, १९४६ च्या अकरांपैकी, पहिल्या लोकांनी सोडून दिलेलं. पहिली वर्षं हाल झाले, पण जमीन आणि पाण्याचा वाटा नावावर होता. पुढे त्यांनी काचघरांत गुलाब पिकवून युरोपला पाठवले. बेने इस्राएल संख्येने जास्त होते आणि लहान लहान तुकड्यांनी येत राहिले. त्यांना मिळाली नवी शहरं, म्हणजे सरकारी चाळीतला फ्लॅट आणि कोणाच्या तरी कारखान्यातली रोजंदारी. जमीन मिळालेला समाज आणि पगार मिळालेला समाज यांच्या वाटा चाळीस वर्षांत किती वेगळ्या होतात, याचा इतका स्वच्छ नमुना मी दुसरा पाहिला नाही.

पहिला भडका बेरशेबात उडाला. १९५१ मध्ये तिथल्या काही बेने इस्राएल कुटुंबांनी आम्हाला भारतात परत पाठवा म्हणून धरणं धरलं. तक्रारी होत्या कामाच्या, घराच्या आणि रंगाच्या. ते टंचाईचे दिवस होते, पांढरा पाव दुर्मीळ होता, आणि 'काळ्यांनी काळा पाव खावा' असं सुनावलं गेल्याची तक्रार मुंबईच्या वर्तमानपत्रांपर्यंत पोहोचली. १९५२ मध्ये शंभराहून अधिक लोक विमानाने मुंबईला परतले. पण मुंबईत खोली सोडलेली, नोकरी गेलेली. त्यातल्या बऱ्याच जणांनी पुन्हा इस्रायलला जाण्यासाठी अर्ज केले आणि ते गेलेही. धड ना इकडचे, धड ना तिकडचे अशी ती दोन-तीन वर्षं. कौतुकाच्या भाषणांत हा प्रसंग कोणी काढत नाही. म्हाताऱ्या बायका मात्र काढतात, आणि तेव्हा आवाज खाली येतो.

एवढं होऊनही लोक जातच राहिले. १९५१ च्या जनगणनेत भारतात सुमारे २६ हजार ज्यू होते, १९७१ ला सहा हजारांच्या आत आले. तुमची मावसआजी गेली ती ऐन ओघात. किनाऱ्याकडची जुनी शहरं तोवर भरली होती, रिकामे फ्लॅट दक्षिणेला होते, म्हणून दिमोना, येरुहाम, बेरशेबा, अश्दोद. एकदा पहिली दहा-वीस मराठी घरं एका ठिकाणी लागली की पुढचे भावाजवळ, नणंदेजवळ जाऊ म्हणत. त्यामुळे 'पाठवलं' आणि 'गेले' यांची सरमिसळ होते. पहिल्यांना पाठवलं, नंतरचे नात्याने ओढले गेले. तुमची मावसआजी यांतली कोण, हे तिच्या आधी घरातलं कोणी तिथे होतं का यावरून ठरेल.

सर्वांत खोल जखम मात्र वाळवंटाची नव्हतीच. १९६० च्या सुमारास काही रब्बींनी, म्हणजे ज्यू धर्मगुरूंनी, बेने इस्राएलांची लग्नं लावायला नकार दिला: तुम्ही शतकानुशतकं इतरांपासून तुटलेले, घटस्फोटाचे नियम पाळलेत की नाही कोण जाणे. १९६२ मध्ये प्रमुख रब्बींच्या कचेरीने फतवाच काढला की यांच्या आया-आज्यांची वंशावळ तपासा. शनिवारी घाणा बंद ठेवला म्हणून ज्यांचं नाव पडलं, त्यांना तुम्ही ज्यू कशावरून असं विचारणं! दक्षिणेतल्या गावांमधून माणसं जेरुसलेमला गेली, मुलाबाळांसह धरणं धरून बसली. ऑगस्ट १९६४ मध्ये इस्रायली संसदेने ठराव केला की बेने इस्राएल सर्व बाबतींत पूर्ण ज्यू आहेत, आणि त्याच महिन्याअखेर रब्बींनी फतव्यातून त्यांचं नाव काढलं. दिमोनातल्या एका आजोबांनी मला सांगितलं होतं, "रेती डोळ्यांत गेली तर पाण्याने निघते. हे नाही निघालं." त्यांची मुलाखत तीन तासांची आहे, त्यातला सव्वा तास याच एका विषयावर.

आता जरा घरात डोकावू. दिमोनातल्या त्या चार मजली सरकारी इमारतींना हिब्रूत 'शिक्कून' म्हणतात. नवीन आलेल्या मराठी माणसाला कोणी सांगितलं की तुमची सोय शिक्कूनमध्ये, तर तो विचारी, "काय शिकून?" हा विनोद तिथे साठ वर्षं चालू आहे. बेरशेबाला वर्षाला जेमतेम २०० मिलिमीटर पाऊस, दिमोनाला त्याहून कमी. अलिबागला दोन हजारांच्या वर. ज्यांच्या अंगाला जून लागला की ओल चढायची सवय, त्यांना जूनमध्ये ओठ फुटताना पाहावे लागले. आणि थंडी! वाळवंटात थंडी असते हे मुंबईत कोणी सांगितलंच नव्हतं. दिमोना समुद्रसपाटीपासून साडेपाचशे मीटरच्या वर आहे, डिसेंबरच्या रात्री पाणी गोठायला येतं.

अशाच एका फ्लॅटमध्ये मी मलिदा, म्हणजे बेने इस्राएलांचा एलीयाहूच्या नावाचा नैवेद्य, होताना पाहिला. स्वयंपाकघरात फरशीवर वर्तमानपत्र, त्यावर मुंबईहून आणलेली विळी, तिच्या टोकाची खवणी दात झिजलेली. ऐंशीच्या घरातल्या आजी एक पाय दुमडून बसल्या आणि नारळ खवू लागल्या. पोहे भिजवून ठेवलेले. त्यात खोबरं, साखर, वेलदोडा, वर खजूर आणि फळं. ताटाभोवती घरचे उभे राहिले आणि एलीयाहू हन्नाबीचं, म्हणजे बायबलमधल्या एलीया प्रेषिताचं, गाणं सुरू झालं. नातू सैन्याच्या गणवेशात, रजेवर आलेला, त्याला गाण्याचे हिब्रू शब्द कळत होते, आजीचं मराठी मात्र अर्धंच. तो मलिद्याला 'पोहा' म्हणाला तेव्हा आजींनी विळीवरून मान वर केली आणि म्हणाल्या, "मलिदा म्हण. पोहे नाश्त्याला."

त्या आजींना सणांची जुनी नावं येत होती: नव्याचा सण, खिरीचा सण, दारफाळणी म्हणजे योम किप्पूर, पुरीमला होळीचा सण आणि त्याला पुरणपोळी, मंदिरनाशाच्या उपवासाला बिरड्याचा सण. सिनेगॉगला त्या 'मशीद' म्हणायच्या, कोकणात जुनी पिढी म्हणायची तशीच. एलीयाहूचा उरूस तिकडे अलिबागजवळच्या खंडाळ्याच्या खडकापाशी भरायचा. इथे त्याच तिथीला लोक हैफाला एलीयाहूच्या गुहेकडे जातात. शेजारी मोरोक्कोचे. भाषा जुळत नव्हती, पण लग्नाआधी मेंदी दोन्हीकडे. तिथून ओळख सुरू झाली, असं दोन्हीकडच्या बायका सांगतात.

पोटापाण्याचं काय? सुरुवातीला सरकारी रोजगार हमीची कामं: खडी फोडणं, झाडं लावणं. मग मृत समुद्राकाठचे सदोमचे खनिज कारखाने. दिमोनाहून तिथे जायचं म्हणजे जवळजवळ एक हजार मीटर खाली उतरायचं, कारण ते ठिकाण समुद्रसपाटीच्याही चारशे मीटर खाली आहे. उन्हाळ्यात तिथली पाळी करून आलेल्या माणसाच्या सदऱ्यावर मिठाचे नकाशे उमटत. पन्नासच्या दशकाअखेर कापडगिरण्या आल्या, आणि मुंबईच्या गिरणीत साचा चालवलेली माणसं तिथे चटकन रुळली. गंमत अशी की त्याच सुमारास फ्रान्सच्या मदतीने गावाजवळ अणुभट्टी उभी राहत होती आणि अमेरिकनांनी विचारलं तेव्हा ती 'कापडगिरणी' असल्याचं सांगण्यात आलं होतं. खऱ्या गिरण्या पुढे स्वस्त आयातीपुढे टिकल्या नाहीत. परळ-लालबागमधून सुटलेल्यांना गिरणी बंद होण्याचा अनुभव वाळवंटात मिळाला. शिकलेली मुलं तेल अवीवच्या बाजूला गेली.

राहिलं ते काय? बाजारात शेव, पापडी, वाल आणि कोकम मिळणारी दुकानं, शनिवार संपल्यावरचं हिंदी गाणं, आणि क्रिकेट. इस्रायलच्या क्रिकेटमध्ये दिमोना, बेरशेबा, अश्दोद ही नावं दिसतात ती याच लोकांमुळे. 'मायबोली' हे मराठी नियतकालिक १९८० च्या दशकापासून इस्रायलमधून निघत आलं आहे. माझं निरीक्षण असं की सरहद्दीच्या गावांत, जिथे मराठी घरं एकाच जिन्यावर होती, तिथे मराठी भाषा किनाऱ्याकडच्या शहरांपेक्षा एक पिढी जास्त टिकली. आजीशी बोलायला जिना उतरावा लागे, बस नाही. मात्र याला समाजाचं कौतुक म्हणून मिरवणारे लोक हे विसरतात की ती घरं एकत्र राहिली त्याचं एक कारण दुसरीकडे जायची ऐपत नव्हती, हेही होतं.

तुमच्या शोधासाठी थोडं कामाचं. एक चूक मी स्वतः सुरुवातीला केली होती: लोक 'दिमोना' म्हणाले की मी दिमोनाच लिहून मोकळी होई. नंतर कळलं की अनेक जण आधी येरुहाम किंवा बेरशेबाच्या छावणीत होते आणि पाच-सात वर्षांनी दिमोनाला सरकले. म्हणून 'कुठे' याआधी 'कोणत्या वर्षी' हे पक्कं करा. जहाजाने गेली की विमानाने, एवढं जरी घरात आठवलं तरी काळ बराच आवळला जातो. आडनावाची दोन्ही रूपं शोधा. गावाचं '-कर' आडनाव तिथे अनेकांनी सोडलं आणि वडिलांचं किंवा आजोबांचं नाव आडनाव म्हणून लावलं, त्यामुळे इथली झिराडकर तिथे शिमशोन किंवा मोझेस असू शकते. जेरुसलेमच्या झायोनिस्ट अभिलेखागारात आलेल्यांच्या नोंदी आहेत, पण इंग्रजी लिपीत आपली नावं तीन-तीन प्रकारे लिहिलेली सापडतात, तेव्हा एकाच रूपावर अडून बसू नका.

आणि आजीच्या ट्रंकेतली पत्रं अजून असतील तर ती आधी बाहेर काढा. निळ्या हवाईपत्रांच्या मागे पाठवणाराचा पत्ता हिब्रूत असतो आणि घरचे तो वाचता येत नाही म्हणून दुर्लक्ष करतात. त्यात 'शिक्कून', पुढे वसाहतीचं नाव आणि घर क्रमांक असतो. एका कुटुंबाला पन्नास वर्षांनी घर सापडलं ते अशाच एका पत्त्यावरून. दार उघडणाऱ्या बाईंनी आडनाव ऐकून आधी विचारलं होतं, "पेणचे का रोह्याचे?"